लेबल सुटतं ते खालून

"बठ्ठा लेबल निघी गयात, भाऊ."

पारोळ्याकडच्या एका बचत गटाच्या ताईंनी पिशवीतून एकेक करत अर्ध्या किलोच्या सहा बरण्या काउंटरवर मांडल्या. कैरीचं लोणचं होतं. लेबलांच्या कडा तेलाने तपकिरी होऊन फुगल्या होत्या. एका लेबलचा कोपरा नखाने उचलला, तर ते अख्खं पापुद्र्यासारखं हातात आलं. वरची चकाकी मात्र जशीच्या तशी होती आणि छापलेली कैरी आत्ताच झाडावरून काढल्यासारखी हिरवीगार दिसत होती. ती लेबलं मीच छापून दिली होती. "लॅमिनेशन करून घ्या ताई, मग कशाला काही होत नाही," हे वाक्यही माझंच होतं.

त्या दिवशी ताई एवढं सोडून काही बोलल्या नाहीत, पण मला ते लागलं. जळगावात बसून मी वर्षानुवर्षं मसाले, पापड, केळीचे वेफर्स, कीटकनाशकं, ग्रीस अशा नाना वस्तूंची लेबलं छापत आलो आहे, आणि तरी हे वाक्य इतक्या सहज बोलून गेलो होतो. लॅमिनेशन म्हणजे टिकाऊपणा, असं गिऱ्हाईक समजतं आणि आम्हीही तसं समजू देतो. खरं तर लॅमिनेशन लेबलाला फक्त वरून येणाऱ्या संकटापासून वाचवतं, आणि लेबलं बहुतेक वेळा खालून नाहीतर कडेने सुटतात.

हे कळायला एक लेबल उभं कापून बघावं लागेल. सगळ्यात खाली पिवळसर, गुळगुळीत बॅकिंग पेपर असतो. त्यावर सिलिकॉनचा अतिशय पातळ थर दिलेला असतो, म्हणून गम त्याला चिकटून बसत नाही. लेबल काढलं की आपण तो फेकून देतो. त्यावर गमचा थर, साधारण वीस मायक्रॉनचा. एक मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग. माणसाचा केस सत्तर मायक्रॉनच्या आसपास असतो, म्हणजे ज्याच्या भरवशावर सगळं लेबल उभं असतं तो गम केसाच्या तिसऱ्या हिश्श्याइतका जाड. गमच्या वर लेबलचं मुख्य अंग असतं, ते कागदाचं किंवा प्लॅस्टिक फिल्मचं. त्यावर शाई, आणि सगळ्यात वर लॅमिनेशनची पारदर्शक फिल्म, बहुधा बारा ते तीस मायक्रॉनची. ही फिल्म म्हणजे बहुतेक वेळा बीओपीपी, उभी-आडवी दोन्हीकडे ताणून पातळ केलेलं पॉलिप्रॉपिलीन. बिस्किटाच्या पुड्यावरचं कुरकुर वाजणारं प्लॅस्टिक याच घराण्यातलं.

आमच्याकडची सर्वसाधारण पद्धत अशी की क्रोमो, म्हणजे एका बाजूने चकचकीत, स्टिकर पेपरच्या शीटवर ऑफसेटने छापायचं, गरम रोलरमधून लॅमिनेशनची फिल्म चिकटवायची आणि मग हाफ कट मारायचा, म्हणजे वरचं लेबल कापलं जातं पण बॅकिंग शाबूत राहतं. आता गोम बघा. फिल्म बसली ती कागदाच्या वरच्या बाजूला. डायने, म्हणजे कापायच्या साच्याने, कापल्यावर चारही कडांना कागदाची चिरलेली धार उघडी पडते. कागद म्हणजे तंतूंचा जाळीदार थर, दिव्याच्या वातीचाच भाऊ. बरणीच्या झाकणाखालून लोणच्याचं तेल ओघळलं की ते कडेवर थांबतं आणि वातीसारखं आत चढत जातं. वरून फिल्म असल्यामुळे त्याला बाहेर सुकायला वाट नाही. तेल गमपर्यंत पोचतं, गम मऊ होतो, आणि वर कैरी हिरवीगार दिसत असताना खाली सगळं मोकळं झालेलं असतं. पाण्याचंही तेच. उलट ओल्या हवेत कागद फुगतो, वरची फिल्म फुगत नाही, आणि दोघांच्या ओढाताणीत लेबलच्या कडा वळतात. कागदावर लॅमिनेशन केल्याने कधीकधी लेबल लवकर उचलतं, हे गिऱ्हाइकाला सांगितलं तर तो आपल्याकडे संशयाने बघतो.

कागद वाईट असं मी म्हणत नाही. कोरड्या मसाल्याच्या, बिबड्यांच्या, पापडाच्या पाकिटावर क्रोमो लॅमिनेशन उत्तम चालतं, आणि स्वस्तही पडतं. तेल, पाणी, फ्रिज, रसायन यांपैकी काही मध्ये आलं की मात्र अंगच फिल्मचं हवं, पांढऱ्या किंवा पारदर्शक बीओपीपीचं, आणि त्यावर पुन्हा लॅमिनेशन. फिल्मच्या कडेतून तेल वर चढत नाही. ताईंची दुसरी खेप आम्ही तशीच केली.

पण तिथेही गोष्ट संपली नाही, कारण मग प्रश्न आला गमचा.

केळीच्या पानावरचा थेंब

"गम चांगला टाका" ही फर्माईश मी रोज ऐकतो. चांगला गम म्हणजे कुठला, हे बरणी बघितल्याशिवाय सांगता येत नाही. रावेर-यावलच्या कुणालाही हे केळीच्या पानावरून समजावता येतं. पानावर पाणी टाका, थेंब मोत्यासारखा गोळा होतो आणि घरंगळून जातो. तेच पाणी फरशीवर टाका, पसरतं. पान पाण्याला जवळ येऊ देत नाही, फरशी येऊ देते. वस्तूच्या पृष्ठभागाच्या या ओढीला मोजमाप आहे, ते डाइनमध्ये (दर सेंटिमीटरला) सांगतात. पॉलिप्रॉपिलीन आणि पॉलिथिलीन तिशीच्या आसपास असतात, म्हणजे केळीच्या पानाच्या जातीचे. पेट, ज्याच्या पारदर्शक बरण्या आणि पाण्याच्या बाटल्या असतात, चाळिशीच्या वर. काच तर त्याहून कितीतरी वर.

गमला चिकटायचं असेल तर आधी पसरावं लागतं. हा गम म्हणजे खळ किंवा फेव्हिकॉल नव्हे. तो सुकत नाही, आयुष्यभर ओलसरच राहतो, घट्ट काकवीसारखा. दाबल्यावर तो हळूहळू पृष्ठभागाच्या बारीक खाचाखोचांत उतरतो. काचेवर लगेच उतरतो. एचडीपीईच्या, म्हणजे जाडसर पॉलिथिलीनच्या, कॅनवर किंवा पॉलिप्रॉपिलीनच्या डब्यावर थेंबासारखा अंग चोरून बसतो. म्हणून एकच लेबल काचेच्या बाटलीवरून ब्लेडने खरवडावं लागतं आणि कॅनवरून बोटाने उचलता येतं.

यावर दोन उपाय आहेत. एक, बाटलीच बदलायची: कारखान्यात एचडीपीईच्या बाटलीवरून आगीची झळ फिरवतात, फिल्मवर विजेची कोरोना ट्रीटमेंट देतात, त्याने पृष्ठभागाचा डाइन वाढतो. हा परिणाम काळाबरोबर उतरत जातो, त्यामुळे सहा महिने गोदामात पडलेली बाटली आणि काल आलेली बाटली सारखी वागत नाही. दुसरा उपाय म्हणजे गमच वेगळा घ्यायचा. रबराच्या जातीचा हॉटमेल्ट, म्हणजे वितळवून लावलेला, गम प्लॅस्टिकला झटकन धरतो, पण उन्हाने आणि उष्णतेने लवकर म्हातारा होतो. अ‍ॅक्रिलिक गम सावकाश धरतो, पण ऊन, वय आणि बऱ्याच रसायनांपुढे टिकतो.

सावकाश म्हणजे किती, तर पूर्ण पकड यायला साधारण चोवीस तास. युरोपातल्या लेबल उद्योगाची फिनॅट नावाची संघटना आहे, तिची चाचणी जगभर वापरतात. लेबलची पट्टी काचेवर चिकटवायची आणि १८० अंशांत वळवून मिनिटाला ३०० मिलिमीटर वेगाने ओढायची, एकदा वीस मिनिटांनी, एकदा चोवीस तासांनी. दोन आकड्यांत बरीच तफावत येऊ शकते. त्यामुळे बरणीला सकाळी लेबल लावलं आणि दुपारी टेम्पोत भरलं, तर पकड अर्ध्यावर असतानाच ते प्रवासाला निघालं. आणि त्या चाचणीतला एक शब्द परत वाचा: काचेवर. मालाच्या कागदावर जो आकडा छापलेला असतो तो काचेचा. तुमचा माल एचडीपीईच्या कॅनमध्ये असेल तर तो आकडा तुमच्या कामाचा नाही, मग सेल्समन तो कितीही वेळा वाचून दाखवो.

ताईंच्या बाबतीत बरणी पेटची होती, म्हणजे पृष्ठभाग चांगला. घोळ वेगळाच निघाला. मी एकदा त्यांच्या शेडवर गेलो. पाच-सहा बायका लोणचं भरत होत्या, झाकण लावत होत्या आणि त्याच हातांनी लेबल चिकटवत होत्या. बरणी फडक्याने पुसत होत्या खऱ्या, पण सकाळपासून तेच फडकं. तेलाचा तवंग बरणीभर सारखा पसरण्यापलीकडे त्या फडक्याचा उपयोग नव्हता. गम बरणीला नाही, तेलाला चिकटत होता. उपाय फुकटचा होता: रिकाम्या, कोरड्या बरणीला आदल्या दिवशीच लेबल लावून ठेवायचं, लोणचं दुसऱ्या दिवशी भरायचं. एवढ्याने निम्मं काम झालं.

उरलेलं निम्मं लेबलच्या आकारात होतं. चौकोनी कोपरा सगळ्यात आधी उचलतो, कारण तिथे दोन कडा मिळतात आणि धरून ठेवायला गम कमी. कोपरे गोल केले. शिवाय लेबलची वरची कड बरणीच्या खांद्यावर, जिथे ती झाकणाकडे वळते तिथे जात होती. कागद किंवा फिल्म एका दिशेने वळते; भाकरी कितीही मऊ असली तरी नारळाला सुरकुतीशिवाय गुंडाळता येत नाही. उंची सहा मिलिमीटरने कमी केली. ताईंना ते आवडलं नाही, कारण कैरी लहान झाली.

ऊन, आणि निळी पडलेली पोस्टरं

मे महिन्यात जळगाव-भुसावळकडे पारा ४५ च्या पुढे जातो, आणि पत्र्याच्या शेडमध्ये किंवा बंद ट्रकमध्ये त्याहून जास्त असतो. या उष्णतेत गम पातळ होतो आणि रोलच्या कडांनी पाझरतो. रोल एकावर एक रचलेले असतील तर एकमेकांना चिकटतात, कडेला धूळ बसून काळी रेघ उमटते. लेबलचा कोरा माल साधारण २२ अंश आणि ५० टक्के आर्द्रतेला दोन वर्षं टिकतो, असं बनवणारे सांगतात. आमच्याकडचं गोदाम वर्षातले किती दिवस २२ अंशांना असतं, हे ज्याचं त्याने मोजावं. मी रोल प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून आडवे न ठेवता उभे ठेवतो आणि मार्चनंतर जास्तीचा साठा करत नाही.

थंडीचा त्रास त्याच्या उलटा. जानेवारीत धुळ्याकडे पहाटे चांगलाच गारठा असतो. गार बाटलीवर गार लेबल लावलं की गम काकवीचा गुळाचा खडा होतो, पसरतच नाही. प्रत्येक गमला लावण्याचं किमान तापमान असतं आणि वापराची तापमानाची हद्द वेगळी असते. लावताना बाटली दहा अंशांच्या वर आणि कोरडी हवी. एकदा पकड बसली की तेच लेबल फ्रिजमध्येही राहतं. दुधाच्या, ताकाच्या धंद्यात नेमकं उलटं होतं: आधी बाटली गार करतात, तिच्यावर दव धरतं, मग त्या दवावर लेबल लावतात.

रंग उडण्याचा मामला निराळा आहे. बसस्थानकावरचं जुनं पोस्टर आठवा. लाल, पिवळा उडून जातो आणि सगळी माणसं निळीसावळी दिसू लागतात. चाररंगी छपाईत निळा आणि काळा हे उन्हाला चिवट रंग. काळा तर मुळात काजळीच. पिवळ्याचे आणि गुलाबी-किरमिजीचे नेहमीचे रंगकण अतिनील किरणांपुढे लवकर मोडतात. साधं पारदर्शक लॅमिनेशन हे किरण अडवत नाही, ते काचेच्या तावदानासारखं ऊन आत येऊ देतं. किरण शोषणारं द्रव्य मिसळलेली खास फिल्म मिळते, आणि उन्हाला टिकणाऱ्या शायाही मिळतात. कुठली शाई किती टिकते ते ब्लू वूल नावाच्या १ ते ८ च्या मापावर सांगतात, ८ म्हणजे सर्वात टिकाऊ. मिरचीपूड विकणाऱ्याने हे मुद्दाम विचारावं. दुकानाच्या दर्शनी फळीवर दोन महिने राहिलेलं लाल मिरचीचं लेबल करपल्यासारखं दिसायला लागतं, आणि माणूस माल जुना आहे असं समजून हात मागे घेतो.

मग लॅमिनेशन खरं उपयोगी पडतं कुठे? घासण्यात. खोक्यात चोवीस बाटल्या, सुरत-नागपूर महामार्ग, ट्रकचे हादरे. बाटलीवर बाटली शेकडो किलोमीटर घासत जाते. उघडी शाई असेल तर अक्षरं पुसली जातात. व्हार्निश म्हणजे वरून लावलेलं पातळ पारदर्शक द्रव. ते थोडं घासणं सोसतं, रसायन क्वचितच. लॅमिनेशनमध्ये शाईवर खरोखरची फिल्म असते, म्हणून अक्षर शाबूत राहतं. व्हार्निश लावून लॅमिनेशनचा भाव लावणारे आमच्याच धंद्यात आहेत. ओळखायचं कसं? लेबलचा कोपरा फाडून बघा. वर पातळ फिल्म वेगळी ताणली गेली तर लॅमिनेशन, कागदाबरोबर सरळ फाटलं तर व्हार्निश. मॅट लॅमिनेशन दिसायला श्रीमंत, पण घासलेल्या जागी चमकट डाग उमटतात. लांब पल्ल्याच्या मालाला मी ग्लॉसच सुचवतो.

सगळ्यात कसोटी लागते ती शेतीऔषधांच्या लेबलांची. बरीच कीटकनाशकं सॉल्व्हंटमध्ये विरघळवलेली असतात. पंपात ओतताना बाटलीच्या तोंडावरून एक ओघळ लेबलवर येतोच. त्या ओघळाने साधी शाई विरघळते, रबरी गमही विरघळतो, आणि अर्ध्या भरलेल्या बाटलीवरचं प्रमाण, विषबाधा झाली तर काय करायचं, उतारा कोणता, हे सगळं पुसलं जातं. त्या बाटलीवरचं कोरं लेबल म्हणजे शेतात ठेवलेलं बिननावाचं विष. म्हणून १९७१ च्या कीटकनाशक नियमांत लेबल सहजासहजी काढता येणार नाही असं चिकटवलेलं असावं, असं लिहिलेलं आहे. कोपऱ्यावर उभा केलेला तो चौकोनही त्याच नियमांतला: लेबलच्या एक सोळांश जागेचा, आणि खालच्या त्रिकोणाचा रंग विषारीपणा सांगणारा. लाल अत्यंत विषारी, मग उतरत्या क्रमाने पिवळा, निळा, हिरवा. चोपडा-शहाद्याकडच्या कपाशीवाल्याला हे रंग पाठ असतात. रंग उडाला तर त्याने काय पाठ करायचं?

अशा लेबलांना फिल्मचं अंग, रसायनाला टिकणारा अ‍ॅक्रिलिक गम आणि जाड लॅमिनेशन लागतं. समुद्रमार्गे जाणाऱ्या रसायनांच्या ड्रमसाठी तर बीएस ५६०९ नावाचं ब्रिटिश मानक आहे. त्यात लेबल तीन महिने समुद्राच्या खाऱ्या पाण्यात ठेवून तपासतात, कारण जहाजावरून पडलेला ड्रम किनाऱ्याला लागला तर उघडणाऱ्याला आत काय आहे ते वाचता आलं पाहिजे.

छापणारा, आणि त्याच्या मागचे

लेबल बनवणारी कंपनी म्हटलं की लोकांना वाटतं कागद, गम, फिल्म, सगळं एकाच छपराखाली होतं. तसं नसतं. फिल्म कोणी वेगळाच बनवतो: इगतपुरीजवळ जिंदल पॉली फिल्म्स, वाळूजला कॉस्मो, दोन्ही आपल्यापासून फार लांब नाहीत. त्या फिल्मवर किंवा कागदावर गम आणि बॅकिंग चढवून मोठाले रोल करणारे वेगळे. अ‍ॅव्हरी डेनिसन आणि फिनलंडची यूपीएम राफ्लटॅक ही त्यातली जगभरची मोठी नावं, आणि भारतीय कंपन्याही आहेत. ते रोल घेऊन छापणारे, लॅमिनेशन करणारे, डायने कापणारे आम्ही. आम्हाला या धंद्यात कन्व्हर्टर म्हणतात, छापखानेवाले म्हटलं तरी चालतं. आमच्यातही दोन जाती आहेत. शीटवर छापणारे, आणि रोलवर छापणारे. रोलच्या फ्लेक्सो, म्हणजे लवचीक प्लेटने छापणाऱ्या, मशीनवर छपाई, लॅमिनेशन, कटिंग एकाच ओळीत होतं, आणि कापून उरलेली जाळी एका बाजूला गुंडाळली जाते. बाटलीला मशीनने लेबल लावायचं असेल तर रोलच लागतो, आणि लेबल रोलमधून कुठल्या दिशेने बाहेर येणार, ते आधी सांगावं लागतं. नाहीतर पन्नास हजार बाटल्यांवर ब्रँडचं नाव उलटं चढतं. छोट्या खेपेला आता डिजिटल छपाई आहे, प्लेटचा खर्च वाचतो.

ही सगळी साखळी सुरू झाली १९३५ साली, लॉस एंजेलिसमध्ये. स्टँटन अ‍ॅव्हरी नावाच्या तरुणाने होणाऱ्या बायकोकडून शंभर डॉलर उसने घेतले आणि वॉशिंग मशीनची मोटर, शिलाई मशीनचे भाग असलं भंगार जोडून स्वतः चिकटणारी, आयती कापलेली लेबलं बनवणारं पहिलं यंत्र उभं केलं. त्यानंतर दहा वर्षांनी, १९४५ मध्ये, आपल्या अमळनेरला वनस्पती तुपाचा कारखाना निघाला, पुढे त्याचीच विप्रो झाली. त्या काळच्या तुपाच्या डब्यांना सुटायला लेबलच नसायचं, छपाई थेट पत्र्यावर असायची. अजूनही ज्याला वस्तूवरच छापणं परवडतं, तो लेबलच्या फंदात पडत नाही. ठिबकच्या नळ्या बघा, कारखान्यातच चालत्या नळीवर अक्षरं उमटतात.

छपाईवाल्याकडे गेल्यावर काय विचारायचं, हा प्रश्न मला नेहमी पडतो तो उलट बाजूने: गिऱ्हाइकाने मला काय सांगायला हवं. डिझाइन सगळे आणतात, व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवतात, त्यात कैरीची सावली कुठे हवी तेही सांगतात. बरणी कोणी आणत नाही. मला आधी बरणी हवी असते, भरलेली. मग लेबल लावताना गार असते का गरम, हाताने लावणार का मशीनने, नंतर ती उन्हात जाते का फ्रिजमध्ये, कशाने ओली होते, आणि किती दिवस टिकली पाहिजे. सहा महिन्यांत संपणाऱ्या मालाला पाच वर्षं टिकणारं लेबल देणं म्हणजे गिऱ्हाइकाचे पैसे माझ्या खिशात घालणं.

आणि दर ठरवण्याआधी नमुना मागा. कोरा माल चालेल, छपाई नसली तरी. दहा बरण्यांना लावा, एक दिवस हात लावू नका. मग एक फ्रिजमध्ये, एक बादलीभर पाण्यात, एक दुपारच्या उन्हात बंद गाडीत, एकीवर तेलाचा हात फिरवा, एकीच्या शाईवर चिकटपट्टी दाबून झटक्याने ओढा. आठवड्याने कोपरे बघा. यापेक्षा स्वस्त प्रयोगशाळा मला माहीत नाही.

फिल्म आणि लॅमिनेशन केल्यावर ताईंची आणखी एक तक्रार आली होती, ती सांगायची राहिली. तारखेचा शिक्का पुसला जात होता. रबरी शिक्क्याची शाई कागदात मुरून सुकते. लॅमिनेशनमध्ये मुरायला जागा नाही, ती वर तशीच ओली बसून राहते आणि अंगठ्याने जाते. यावर एक तर तेवढी पट्टी लॅमिनेशनशिवाय सोडावी लागते, नाहीतर प्लॅस्टिकवर सुकणाऱ्या शाईचं यंत्र किंवा रेझिन रिबनचा, म्हणजे राळेसारख्या चिवट शाईच्या फितीचा, प्रिंटर लागतो. साधी मेणाची रिबन नखाने निघते. हे हलक्यात घेण्यासारखं नाही. पाकीटबंद वस्तूंच्या २०११ च्या नियमांप्रमाणे उत्पादकाचं नाव-पत्ता, निव्वळ वजन, महिना-वर्ष, सगळ्या करांसह किंमत हे वाचता आलं पाहिजे, आणि खाण्याच्या वस्तूवर अन्न परवान्याचा चौदा आकडी क्रमांकही. चुकलेला मजकूर झाकायला वरून दुसरा स्टिकर मारता येत नाही. फक्त किंमत कमी करायची असेल तर स्टिकर चालतो, तोही जुनी किंमत झाकली जाणार नाही असा. म्हणून मी प्रूफवर सही घेतल्याशिवाय मशीन चालू करत नाही, ओळखीत तर मुळीच नाही.

टिकाऊ लेबलाची एक बाजू आम्ही धंदेवाले बोलत नाही. ते भंगारातही टिकतं. लॅमिनेशन केलेला कागद ना धड कागद राहतो, ना प्लॅस्टिक. त्यामानाने पेटच्या बाटलीवर बीओपीपीचं लेबल बरं: बाटली चुरून पाण्यात टाकली की पेट तळाला जातो, पॉलिप्रॉपिलीन पाण्याहून हलकं म्हणून तरंगतं, वेगळं काढता येतं. धुतल्यावर गम सुटला पाहिजे, एवढी अट. आणि बॅकिंग पेपर, ज्याचा लेबल लावल्यावर दुसऱ्या क्षणी कचरा होतो, सिलिकॉनमुळे रद्दीवालाही घेत नाही. माझ्या शेडमागे त्याचा ढीग आहे.

गेल्या आठवड्यात ताई आल्या, यंदाची ऑर्डर द्यायला. मी डिझाइनची फाईल उघडत होतो, तोवर त्यांनी पिशवीतून रिकामी बरणी काढली, उलटी केली आणि बुडावरच्या त्रिकोणावर बोट ठेवलं. गेल्या वर्षीच्या बरणीवर १ होता, म्हणजे पेट. या बरणीवर ५. पॉलिप्रॉपिलीन. बरणीवाल्याने माल बदलला होता आणि कोणाला सांगितलं नव्हतं. दिसायला दोन्ही सारख्याच. गेल्या वर्षीच्या लेबलांचा दीड रोल त्यांच्याकडे शिल्लक होता.

"जुनं लेबल यावर चालेल का नाही?" त्यांनी विचारलं.

मी "चालेल" म्हणणार होतो. मग त्यांच्याच रोलमधली दहा लेबलं काढून द्या म्हटलं, आणि दहा बरण्या.

"आणल्या आहेत," त्या म्हणाल्या.